घोडा मान वर करतो

मूकपटात गोळीचा आवाज कसा ऐकवायचा? आणि गोळी झाडणारा हातही दाखवायचा नसेल तर?

१९३० साली ओलेक्सांद्र दोव्झेन्को या युक्रेनियन दिग्दर्शकाने ‘झेम्ल्या’ म्हणजे ‘धरती’ या चित्रपटात हे कोडं सोडवलं. उन्हाळ्याची रात्र, गावाबाहेरची धुळीची वाट. वासिल हा तरणाबांड शेतकरी घरी निघालाय. गावात पहिला ट्रॅक्टर आणलाय त्याने, आनंद अंगात मावत नाही. चालता चालता पावलं थिरकू लागतात आणि तो एकटाच नाचू लागतो. बुटांखालून धुळीचे लोट उठतात. आणि अचानक तो कोसळतो. का? तेवढ्यात चरणारा एक घोडा दचकून मान वर करतो. बस्स! घोड्याने गोळी ऐकली आणि त्याच्या कानांनी आपणही ऐकली.

ही युक्ती सुचली कुठून? दोव्झेन्को सिनेमात आला तिशी उलटल्यावर. सोस्नित्सा गावच्या निरक्षर शेतकऱ्याचा हा मुलगा. चौदा भावंडांपैकी मोठी झाली ती दोघंच. तो शिक्षक झाला, वॉर्सा आणि बर्लिनच्या वकिलातींत नोकरीला होता, मग खारकीवच्या वृत्तपत्रात ‘साश्को’ या नावाने व्यंगचित्रं काढू लागला. १९२६ मध्ये त्याने ओदेसाचा स्टुडिओ गाठला, तेव्हा चित्रीकरणाचा अनुभव जवळपास शून्य. अवघ्या चार वर्षांत ‘झेम्ल्या’!

पण व्यंगचित्रकाराचं कसब काय असतं? एका चौकटीत अख्खी गोष्ट सांगायची, उरलेली बघणाऱ्यावर सोपवायची. दोव्झेन्कोने कॅमेऱ्याला हेच शिकवलं. छायाचित्रकार दानिलो देमुत्स्कीची साथ होतीच. सुरुवातीलाच म्हातारा सेमेन फळांच्या राशीशेजारी पडून एक फळ खातो, हसतो आणि शांतपणे मरतो. पुढे वासिलला उघड्या शवपेटीतून नेतात, तेव्हा सफरचंदांनी लगडलेल्या फांद्या त्याच्या चेहऱ्यावरून अलगद सरकतात. शोकाचा एक शब्द नाही, तरी गळा दाटतो.

गंमत म्हणजे ‘झेम्ल्या’ हा सोव्हिएत सामुदायिक शेतीचा प्रचारपट व्हायचा होता. त्यात ट्रॅक्टरच्या रेडिएटरमधलं पाणी संपतं आणि शेतकरी त्यात चक्क लघवी करून तो चालू करतात! सेन्सॉरने त्या दृश्यावर कात्री चालवली. देम्यान बेद्नी या सरकारी कवीने ‘इझ्वेस्तिया’ या वृत्तपत्रात चित्रपटाची सालटी काढली.

१९५६ मध्ये दोव्झेन्को गेला. दोनच वर्षांनी ब्रसेल्सच्या जागतिक प्रदर्शनात तज्ज्ञांनी जगातले सर्वोत्तम बारा चित्रपट निवडले. त्यात ‘झेम्ल्या’ होता. आणि १९६१ मध्ये दोव्झेन्कोच्याच पटकथेवरच्या चित्रपटासाठी त्याची पत्नी युलिया सोल्न्त्सेवा कान महोत्सवात सर्वोत्तम दिग्दर्शक ठरली. हा मान मिळवणारी ती पहिली स्त्री! गेल्यावरही चित्रपट घडवत राहणाऱ्या या माणसाला काय म्हणावं?