धानपट्ट्यातील पोटगी

पत्नी किंवा अल्पवयीन मूल स्वतःचा निर्वाह करू शकत नसेल आणि ऐपत असूनही नवरा त्यांना सांभाळत नसेल, तर न्यायालय त्याला दरमहा ठरावीक रक्कम देण्याचा आदेश देते. ही तरतूद पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ मध्ये होती. १ जुलै २०२४ पासून ती भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ मध्ये आहे. २००१ पर्यंत या कलमाखालील मासिक पोटगीला कमाल मर्यादा होती. त्या वर्षीच्या दुरुस्तीने ती मर्यादा काढून टाकली.

अर्ज कौटुंबिक न्यायालयात, आणि ते नसेल तेथे प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यापुढे करावा लागतो. पत्नी राहते त्या जिल्ह्यातही तो चालतो. त्यामुळे भंडारा जिल्ह्यात लाखांदूर किंवा पवनीला माहेरी परतलेल्या बाईला, नवरा कामाला गेलेल्या दूरच्या शहरात खेटे घालावे लागत नाहीत. स्त्रिया आणि मुलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. त्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा लागतो.

नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत अंतरिम पोटगीचा निर्णय व्हावा, असे कायदा सांगतो. तो कशाच्या आधारे करायचा, हा खरा अवघड भाग आहे. जवाहरनगरच्या आयुध निर्माणीतील कामगाराचे पगारपत्रक मागवता येते. भंडारा जिल्ह्यातील बहुतेक घरांचे पोट मात्र धानावर चालते, आणि धानाला पगारपत्रक नसते. सातबारा सासऱ्याच्या नावावर, कसणारा मुलगा आणि विक्रीचे पैसे सामाईक, अशा घरात ‘माझे उत्पन्न काहीच नाही’ हे उत्तर सहज देता येते.

या उत्तराला आळा घालणारा निकाल शेजारच्या नागपूरच्या प्रकरणातून आला. ‘रजनेश विरुद्ध नेहा’ या खटल्यात पत्नीने २०१३ मध्ये स्वतःसाठी आणि लहान मुलासाठी अर्ज केला होता. अंतरिम रकमेचा वाद उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठातून सर्वोच्च न्यायालयात गेला. ४ नोव्हेंबर २०२० रोजी न्यायालयाने दोन्ही बाजूंना मालमत्ता आणि देण्यांचे प्रतिज्ञापत्र सक्तीचे केले. शेतकऱ्यांसाठी त्याचा वेगळा नमुना आहे. एकूण जमीन किंवा तीतला हिस्सा, ती ओलिताची की कोरडवाहू, वर्षभरातील पिके, तीन वर्षांचे उत्पन्न, बटईने घेतलेली शेती, गायी-म्हशी, शेळ्या, मासेपालन आणि जमिनीवरचे कर्ज, हे सारे त्यात लिहावे लागते. त्याच्या पडताळणीला सातबारा, आठ-अ, पीक पाहणीची नोंद, आधारभूत खरेदी केंद्रावरील धानविक्रीच्या पावत्या आणि बँकेचे खाते उपयोगी पडते. माहिती लपवणे हा प्रतिज्ञेवर खोटे बोलण्याचा गुन्हा ठरू शकतो.

रक्कम ठरवताना दोघांचे उत्पन्न, राहणीमान, मुलाच्या शाळेचा व दवाखान्याचा खर्च आणि नवऱ्यावर अवलंबून असलेली इतर माणसे पाहिली जातात. पत्नी विडी वळून किंवा रोवणीला जाऊन चार पैसे कमावते, एवढ्यावरून तिचा हक्क जात नाही. धडधाकट नवऱ्याने अंगमेहनत करूनही बायकामुलांना पोसले पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये स्पष्ट केले. पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यायची, हेही २०२० च्या निकालाने पक्के केले. पुरेशा कारणाशिवाय एकत्र राहण्यास नकार देणारी, व्यभिचारात राहणारी किंवा परस्परसंमतीने वेगळी राहणारी पत्नी मात्र या कलमाखाली पोटगीस पात्र नसते. मुलाच्या हक्कावर याचा परिणाम होत नाही.

आदेशानंतर वसुलीचा टप्पा येतो. पोटगी महिन्याला द्यायची असते, पण धानाचा पैसा हंगामाला येतो. थकबाकी इथेच साचते. रक्कम थकल्यास न्यायालय वसुली वॉरंट काढते. त्यानंतरही पैसे न भरल्यास प्रत्येक महिन्याच्या थकबाकीसाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. कैद भोगल्याने देणे फिटत नाही. मात्र रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज केला नाही, तर वॉरंट निघत नाही. म्हणून कोणत्या महिन्याचे किती आले, याची नोंद ठेवणे पत्नीच्या हिताचे असते.

परिस्थिती बदलल्यास दोघांपैकी कोणीही रक्कम वाढवून किंवा कमी करून मागू शकतो. घटस्फोटित पत्नीने पुनर्विवाह केल्यास तिची पोटगी थांबते. मुलाची पोटगी साधारणपणे ते सज्ञान होईपर्यंत चालते. अपंगत्वामुळे निर्वाह करू न शकणाऱ्या मुलाला ती पुढेही मिळते.