मारधाडीच्या बोलपटांतील एक नट

‘स्टंटपट’ हा शब्द गिरगांव-दादरच्या सुशिक्षित घरांत एके काळीं नाक मुरडल्यावांचून उच्चारला जात नसे. ‘कुंकू’ किंवा ‘माणूस’ पाहावयास सहकुटुंब जाणारी मंडळी मारामारीच्या बोलपटाकडे ढुंकूनही पाहत नसे; तो चित्रपट परळ-लालबागच्या गिरणीकामगारांचा! ‘हंटरवाली’ (१९३५) काढणाऱ्या वाडिया मूव्हीटोनचा स्टुडिओ परळलाच होता. मौज अशी, कीं १९४२ सालीं त्याच जागीं ‘कुंकू’कार शांतारामांचें राजकमल कलामंदिर उभें राहिलें.

मास्टर भगवान याच वस्तींतून पुढें आले. भगवान आबाजी पालव यांचा जन्म १९१३ चा. वडील कापडगिरणींत कामगार. शिक्षण बेताचें, तालमीचा नाद मोठा. मूकपटांच्या अखेरच्या दिवसांत त्यांनीं किरकोळ कामें केलीं, आणि १९३८ सालीं चंद्रराव कदमांच्या जोडीनें ‘बहादुर किसान’ दिग्दर्शित केला. पुढचीं दहाएक वर्षें थोड्या भांडवलाचे मारधाडीचे बोलपट हाच त्यांचा व्यवसाय होता.

पडद्यावरचा मार लटका, असें आपण समजतों. हात गालाजवळून निसटता न्यावयाचा, समोरच्यानें त्याच क्षणीं मान वळवावयाची, आणि मधलें अंतर दिसूं नये अशा बेतानें कॅमेरा ठेवावयाचा, एवढीच ती युक्ति. पण हात खराच बसला तर? १९४२ सालीं ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणांत भगवान यांची थप्पड ललिता पवार यांस अशी लागली, कीं चेहऱ्यास पक्षाघात झाला. तीन वर्षें औषधोपचार चालले. डावा डोळा कायमचा बारीक झाला आणि नायिकेचीं कामें संपलीं. त्याच डोळ्याच्या बळावर त्यांनीं पुढें खाष्ट सासवा गाजविल्या, हें आपण कौतुकानें सांगतों. त्या कौतुकांत पंचविशीच्या एका नटीचें काय गेलें, तें मात्र बुजून जातें.

राज कपूर यांच्या सल्ल्यावरून भगवान सामाजिक चित्रपटाकडे वळले. ‘अलबेला’ (१९५१), गीता बालीची साथ, सी. रामचंद्रांचें संगीत! जुहूस पंचवीस खोल्यांचा बंगला झाला, दारांत सात मोटारी उभ्या राहिल्या. पुढचे चित्रपट पडले आणि सारें विकावें लागलें. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५), ‘चोरी चोरी’ (१९५६) यांत छोट्या भूमिका मिळाल्या. नंतर नंतर तर एखाद्या गाण्याच्या गर्दींत आपल्या प्रसिद्ध चालीचीं दोन पावलें टाकण्यापुरतेंच त्यांस बोलावणें येई. बंगल्यांतून ते दादरच्या चाळींत राहावयास आले. तेथेंच ४ फेब्रुवारी २००२ रोजीं त्यांचें निधन झालें. २०१६ सालीं त्यांच्या चरित्रावर ‘एक अलबेला’ हा मराठी चित्रपट निघाला. त्यांत भगवान यांची भूमिका मंगेश देसाई यांनीं केली.