वणीच्या चुनखडकातला समुद्र: गैरसमज आणि वस्तुस्थिती

यवतमाळ जिल्ह्याचा बहुतेक भाग काळ्या पाषाणाचा, म्हणजे बेसॉल्टचा आहे. कापूस पिकवणारी काळी माती याच खडकाची झीज होऊन तयार झाली. पूर्वेकडच्या वणी आणि झरी-जामणी तालुक्यांत मात्र काही ठिकाणी हा काळा थर नाही. तिथे त्याहून कितीतरी जुना चुनखडक उघडा पडला आहे. राजूरच्या चुनाभट्ट्या आणि मुकुटबनचा सिमेंट उद्योग याच दगडावर उभे राहिले. भूविज्ञानात त्याची गणना पैनगंगा गटात होते. हा खडक समुद्राच्या तळाशी साचला आणि वणी परिसरातून त्यात स्ट्रोमॅटोलाइट, म्हणजे सूक्ष्मजीवांनी थरावर थर चढवून रचलेले उंचवटे, सापडल्याच्या नोंदी आहेत. समुद्राखालच्या या रचनांविषयी काही समजुती मात्र चुकीच्या रुजल्या आहेत.

गैरसमज 1: विदर्भात समुद्र असणे शक्यच नाही.

वस्तुस्थिती: आजचा किनारा शेकडो किलोमीटर दूर आहे, पण किनारे कायमचे नसतात. भूपृष्ठ खचते, वर उचलले जाते, आणि समुद्र आत शिरतो किंवा मागे हटतो. पैनगंगा गटातले वाळूचे, चुन्याचे आणि चिखलाचे थर अशाच एका समुद्रात साचले. पुढे पाणी हटले, थर घट्ट झाले आणि त्यांचा खडक बनला. त्यानंतर फार मोठ्या काळाने नद्यांच्या गाळात वणीचा दगडी कोळसा तयार झाला आणि सर्वांत शेवटी लाव्हारसाने या प्रदेशाचा बराच भाग झाकला.

गैरसमज 2: हा समुद्र डायनोसॉरच्या काळातला होता.

वस्तुस्थिती: डायनोसॉर सुमारे 23 कोटी वर्षांपूर्वी अवतरले आणि पक्ष्यांखेरीज त्यांचा वंश सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी संपला. पैनगंगेचा चुनखडक साधारण 100 कोटी वर्षांहून जुना मानला जातो. तो साचत होता तेव्हा जमिनीवर झाड नव्हते, गवत नव्हते. हवेत आजच्यापेक्षा खूप कमी ऑक्सिजन होता आणि समुद्रातले जवळपास सगळे जीवन डोळ्यांना न दिसणारे होते. आजचा माणूस तिथे उभा राहिला असता, तर त्याला ती पृथ्वी परका ग्रहच वाटली असती.

गैरसमज 3: हे दगड म्हणजे प्रवाळ आहेत.

वस्तुस्थिती: प्रवाळ हे प्राणी आहेत. मालवणच्या समुद्रात आणि विजयदुर्गच्या पश्चिमेला भर समुद्रात असलेल्या आंग्रिया बँकेवर ते आजही जिवंत आहेत. परंतु आजच्या प्रवाळांचा गट सुमारे 24 कोटी वर्षांपूर्वी उदयाला आला. वणीचा चुनखडक साचत असताना प्रवाळ नव्हते, शिंपलेही नव्हते. तेव्हा भित्ती, म्हणजे समुद्रतळावरचे असे उंचवटे, बांधण्याचे काम नीलहरित जीवाणू, म्हणजे सायनोबॅक्टेरिया, करीत होते.

गैरसमज 4: स्ट्रोमॅटोलाइट म्हणजे दगड झालेला एखादा जीव.

वस्तुस्थिती: तो जिवाचा देह नसून त्याचे बांधकाम आहे. उथळ पाण्यात जीवाणूंची चिकट साय तळावर पसरते. गाळाचे बारीक कण तिला चिकटतात आणि पाण्यातला चुनाही तिच्यावर साचतो. प्रकाश मिळावा म्हणून जीवाणू त्या थरातून वर सरकतात आणि नवी साय धरतात. अशा हजारो थरांतून घुमट किंवा खांब उभे राहतात. आडवा छेद घेतला की कांद्याच्या पापुद्र्यांसारखी वलये दिसतात. ही वाढ अतिशय संथ असते. वर्षाला अर्धा मिलिमीटर धरली, तरी 30 सेंटिमीटर उंचीला 600 वर्षे लागतात.

गैरसमज 5: पट्टे दिसणारा प्रत्येक चुनखडक भित्तीचाच असतो.

वस्तुस्थिती: पैनगंगा गटातला बराचसा चुनखडक खोल, शांत पाण्यात बसलेल्या चुन्याच्या बारीक चिखलातून बनला आहे. त्याचे थर सपाट असतात आणि त्यांचे पट्टे निव्वळ गाळाचे असू शकतात. स्ट्रोमॅटोलाइटचे थर वरच्या दिशेने फुगलेले, सुरकुतलेले आणि एकमेकांवर रचलेले असतात. नुसत्या नजरेने खात्री होत नसल्यास दगडाची पातळ चकती सूक्ष्मदर्शकाखाली तपासली जाते.

गैरसमज 6: विदर्भात काळ्या दगडांच्या थरांमध्ये सापडणारे शंखही याच समुद्रातले.

वस्तुस्थिती: लाव्हाच्या दोन लोटांमध्ये बराच काळ जात असे. त्या काळात खोलगट जागी गोड्या पाण्याची तळी साचत आणि त्यांत गोगलगायी वाढत. पुढच्या लोटाने तळे झाकले गेले आणि शंख गाळात दगड होऊन राहिले. नागपूरजवळच्या टाकळी येथील असे जीवाश्म स्टीफन हिस्लॉप यांनी एकोणिसाव्या शतकातच अभ्यासले होते. हे शंख तळ्यांतले आहेत आणि वणीच्या समुद्रानंतर कोट्यवधी वर्षांनी जगलेल्या गोगलगायींचे आहेत.

गैरसमज 7: अशा भित्ती जगातून नाहीशा झाल्या.

वस्तुस्थिती: त्या विरळ झाल्या, संपल्या नाहीत. पश्चिम ऑस्ट्रेलियातील शार्क बे येथे त्या आजही वाढत आहेत. तिथल्या हॅमेलिन पूल या भागातले पाणी समुद्राच्या साधारण दुप्पट खारट आहे. त्यामुळे जीवाणूंची साय चरून खाणारे गोगलगायींसारखे प्राणी तिथे फारसे टिकत नाहीत. इतरत्र असे चरणारे प्राणी वाढले, हे स्ट्रोमॅटोलाइट घटण्याचे एक प्रमुख कारण मानले जाते.

गैरसमज 8: भट्टीत जाळण्यापलीकडे या दगडाचे मोल नाही.

वस्तुस्थिती: सूर्यप्रकाशावर अन्न तयार करताना ऑक्सिजन बाहेर टाकण्याची रीत नीलहरित जीवाणूंनीच प्रथम साधली. सुमारे 240 कोटी वर्षांपूर्वी हवेत ऑक्सिजन साचू लागला तो त्यांच्यामुळे. श्वास घेणाऱ्या प्रत्येक प्राण्यावर त्यांचे ऋण आहे. मंगळावर 2021 मध्ये उतरलेले पर्सिव्हिअरन्स यान प्राचीन सरोवराच्या खडकांत सूक्ष्मजीवांच्या खुणा शोधते आहे. त्या खुणा ओळखण्याची तयारी पृथ्वीवरच्या अशाच दगडांवरून होते. चुनखडक भाजला की त्यातले थर कायमचे पुसले जातात. म्हणून थर दिसणाऱ्या जागेची खोदकामाआधी नोंद व्हायला हवी, छायाचित्रे घेतली जायला हवीत आणि दगड शक्यतो जागेवरच राखायला हवा. उचलून आणलेल्या तुकड्याचे ठिकाण आणि वरखालचा क्रम माहीत नसेल, तर त्यातून समुद्राचा इतिहास वाचता येत नाही.