वेताळाचा प्रश्न

पीपलरावांच्या मराठी घरांना वेताळ परका नाही. विक्रमाची उज्जयिनी येथून फारशी दूर नव्हे. नातवंडांना मात्र पिशाच्च म्हटले की प्रेमवीर आठवतो. ही किमया 'ट्वायलाइट' या २००८ सालच्या अमेरिकन चित्रपटाची. दिग्दर्शिका कॅथरीन हार्डविक, मूळ कादंबरी स्टेफनी मेयर यांची. त्यातला एडवर्ड बेलावर प्रेम करतो आणि तिच्या रक्ताची तहान आवरतो. त्या आवरण्यावरच मुली भाळल्या. पुढे २०१२ पर्यंत आणखी चार भाग निघाले. २०२५ साली आदित्य सरपोतदारांनी 'थामा'त बेताळांचीच प्रेमकथा रंगविली.

पण निजलेल्या मुलीवर रात्री पाळत ठेवणे हे प्रेम की हक्क गाजवणे, हे 'ट्वायलाइट' विचारीत नाही. आमचा वेताळ विचारतो. मृत कन्येचे तीन प्रेमिक: एक तिच्या चितेच्या राखेवर निजला, दुसऱ्याने अस्थी गंगेस नेल्या, तिसऱ्याने मंत्राने तिला उठविले. मग खरा पती कोण? नातीने चित्रपट अवश्य पाहावा; मात्र घरी आल्यावर आजीने तिला ही गोष्ट सांगावी, आणि उत्तर नातीलाच देऊ द्यावे.