दहा अधिक दहा टक्के

‘डार्क सोल्स’ खेळताना एखाद्या अजस्र बॉसपुढे हात टेकले, की आजूबाजूची जमीन बघायची. तिथे चमकणाऱ्या अक्षरांची एखादी खूण दिसली, तर जगाच्या पाठीवर कुठेतरी बसलेला दुसरा खेळाडू मदतीला तयार आहे असं समजायचं. त्याने आपल्या गेममध्ये त्याच जागी पांढऱ्या दगडाने ती खूण काढून ठेवलेली असते. खुणेला हात लावला की काही क्षणांत तो अर्धपारदर्शक रूपात आपल्या जगात उभा राहतो. वाकून नमस्कार करतो, बरोबरीने लढतो, बॉस मेला की दिसेनासा होतो. शब्दांची गरज पडत नाही, हातवाऱ्यांवर भागतं. मात्र सगळ्या खुणा सगळ्यांना दिसत नाहीत. त्याच दारापाशी त्याच मिनिटाला आणखी कितीतरी जणांनी खुणा काढलेल्या असतील, पण गेमने त्या गाळून टाकलेल्या असतात आणि जे गाळलं त्याचा मागमूसही आपल्याला लागत नाही. ही चाळणी चालते दोन्ही खेळाडूंच्या लेव्हलवर. एकत्र खेळण्याच्या गेममधली ही सर्वांत कमी दिसणारी आणि सर्वांत जास्त परिणाम करणारी यंत्रणा आहे. ती समजून घेतली पाहिजे, कारण तिच्यामागे एक स्वच्छ विचार आहे आणि तो विचार आज अडचणीत आहे.

या खुणांची कल्पना हिदेताका मियाझाकी यांची. टोकियोच्या फ्रॉमसॉफ्टवेअर या कंपनीने त्यांच्या दिग्दर्शनाखाली फेब्रुवारी २००९मध्ये जपानात ‘डेमन्स सोल्स’ आणला. कल्पना कुठून सुचली हे त्यांनी मुलाखतीत सांगितलं आहे. जोरदार बर्फ पडल्यावर एका चढावर गाड्या अडकल्या. मागच्या गाडीने पुढच्या गाडीला ढकलायला सुरुवात केली, आणि तसं करत करत रांग वर सरकली. थांबून आभार मानावेत तर आपली गाडी पुन्हा अडकायची, म्हणून ते तसेच निघून गेले. रांगेतला शेवटचा माणूस घरी पोहोचला का, हा प्रश्न मात्र त्यांच्या मनात राहिला. अनोळखी माणसाने निमिषभर हात द्यावा आणि पुढे निघून जावं, हेच त्यांना खेळात हवं होतं. २०११मध्ये ‘डार्क सोल्स’ने हीच पद्धत जगभर पोहोचवली, आणि २०२२च्या ‘एल्डन रिंग’पर्यंत तिचा गाभा बदललेला नाही.

चाळणीचं गणित तोंडी करता येईल इतकं सोपं आहे. आपली लेव्हल घ्या. तिचे दहा टक्के काढा, त्यात दहा मिळवा. जे उत्तर येईल तितकं खाली आणि तितकंच वर, एवढा टप्पा आपला. लेव्हल २० असेल तर अंतर १२चं, म्हणजे ८ ते ३२. लेव्हल ६० असेल तर ४४ ते ७६. लेव्हल १२० असेल तर ९८ ते १४२. टप्पा लेव्हलबरोबर रुंदावत जातो यालाही कारण आहे. सुरुवातीला दहा लेव्हल म्हणजे आयुष्य आणि ताकद यांत मोठा फरक, तर शंभरीपुढे प्रत्येक लेव्हलने मिळणारा लाभ आटत जातो. नुसते दहा टक्के ठेवले असते तर लेव्हल १०च्या नवख्याला ९ ते ११ एवढीच फट उरली असती आणि त्याला मदत मिळालीच नसती. नुसते दहा ठेवले असते तर वरच्या लेव्हलचे खेळाडू विनाकारण एकमेकांपासून तुटले असते. दोन्ही एकत्र केल्याने दोन्ही टोकं सांभाळली जातात. एक खाच राहतेच. १२०वरून मोजलं तर टप्पा ९८पर्यंत खाली पोहोचतो, पण ९८वरून मोजलं तर वर ११७च्या पुढे जात नाही. त्यामुळे काठावरच्या जोडीत कोणाच्या लेव्हलवरून मोजलं यावर भेट होणार की नाही हे ठरतं. दोन मित्रांपैकी एकाला दुसऱ्याची खूण दिसते आणि उलट मात्र दिसत नाही, असं या खाचेमुळे घडू शकतं.

मुळात अशी मर्यादा हवीच कशाला? मदत करायला आलेला माणूस जितका बलवान तितकं चांगलं, असं सहज वाटतं. त्याचं उत्तर २०००मध्ये आलेल्या ‘डायब्लो २’मध्ये सापडतं. तिथे एकाच गेममध्ये आठ जण, कोणत्याही लेव्हलचे, एकत्र येऊ शकत. परिणामी एक ठरावीक रिवाज पडला. जुना, तगडा खेळाडू पुढे धावत जाऊन सगळं मारणार, आणि नवखा दाराबाहेर उभा राहून अनुभवाचे गुण गोळा करणार. नवख्याची लेव्हल झपाट्याने वाढायची, पण ज्या प्रदेशांसाठी गेम रचला होता त्यांतून तो नुसता वाहून नेला जायचा. फ्रॉमसॉफ्टवेअरच्या गेमचा सगळा जीवच अडथळ्यात आहे. एका बॉसपुढे वीस वेळा मरून एकविसाव्यांदा जिंकणं, याच्याभोवती बाकी सगळं उभं केलेलं असतं. तिथे लेव्हल ३००चा योद्धा बोलावता आला असता, तर एका फटक्यात सगळं संपलं असतं आणि ज्याला मदत झाली तोच त्या विजयातून बाहेर पडला असता. ‘एल्डन रिंग’मध्ये मदतनीस आला की बॉसचं आयुष्य वाढतं आणि मदतनिसाला स्वतःच्या औषधाच्या कुप्या निम्म्याच मिळतात, तेही याचसाठी. लेव्हलची मर्यादा मदत करणाऱ्याला रोखत नाही. ज्याला मदत मिळते त्याचा विजय त्याच्याकडेच राहावा, याची ती काळजी घेते.

यावरचा सर्वांत जुना आक्षेप असा की लेव्हल म्हणजे कौशल्य नव्हे. तो पूर्ण खरा आहे. लेव्हल ४०चा मुरलेला खेळाडू लेव्हल ४०च्या नवख्यापेक्षा दसपट भारी असू शकतो, आणि आकड्याला ते कळत नाही. पण कुस्तीत वजनगट पाडतात तेव्हा डावपेच कोणाला किती येतात हे कुठे मोजतात? वजन मोजतात, कारण ते काट्यावर मोजता येतं, आणि डाव मात्र मातीत उतरल्यावरच कळतात. मदतीसाठी आलेला कसबी खेळाडू ही उणीव नाही, तेच तर हवं आहे. राक्षसाचा वार कधी चुकवायचा हे तो दाखवतो, आणि ते बघून होस्टलाही, म्हणजे ज्याच्या जगात तो आला आहे त्यालाही, शिकता येतं. लेव्हल फक्त कच्च्या ताकदीचा फरक आवरते. तेवढंच तिचं काम, आणि तेवढं तिला नीट जमलं असतं तर पुढच्या सगळ्या दुरुस्त्या लागल्याच नसत्या.

ते जमलं नाही, कारण ताकद केवळ लेव्हलमध्ये नसते. ‘एल्डन रिंग’मधली उचिगाताना ही तलवार बघा. हातात येते तेव्हा तिचा मूळ मारा ११५. लोहाराकडे नेऊन शेवटच्या, म्हणजे पंचविसाव्या पायरीपर्यंत वाढवली की तोच २८१, आणि यात खेळाडूची लेव्हल एकानेही वाढत नाही. ‘डार्क सोल्स’च्या काळात काहींनी ही फट अचूक हेरली. पात्राची लेव्हल मुद्दाम खाली ठेवायची, हत्यार मात्र टोकापर्यंत वाढवायचं, आणि मग पहिल्याच वस्तीत चाचपडणाऱ्या नवख्यांच्या जगात शत्रू म्हणून घुसायचं. खेळाडूंच्या भाषेत हे ट्विंक. सूत्राप्रमाणे दोघं समान आणि प्रत्यक्षात एका वारात खेळ खलास. म्हणून २०१६च्या ‘डार्क सोल्स ३’मध्ये लेव्हलच्या जोडीला हत्याराची पायरीही मोजली जाऊ लागली, आणि २०१८मध्ये पहिल्या गेमच्या नव्या आवृत्तीलाही तीच पद्धत लागू झाली. इथे नियम फार कडक आहे. सध्या हातात काय आहे हे बघितलं जात नाही, आजवर सर्वांत वर नेलेलं हत्यार कोणतं हे बघितलं जातं. एकदा तलवार वाढवली की ती पेटीत टाका नाहीतर विका, नोंद पुसली जात नाही. ज्याला हे ठाऊक नाही तो उत्साहाने हत्यार वाढवण्याचे सगळे दगड लोहाराकडे खर्च करतो, आणि आपल्या लेव्हलच्या लोकांच्या खुणा अचानक का दिसेनाशा झाल्या याचा त्याला थांग लागत नाही. गेम ते कुठेही धड सांगत नाही. हा दोष गंभीर आहे.

यापेक्षा मोठी चूक मध्ये, २०१४च्या ‘डार्क सोल्स २’मध्ये झाली होती. तिथे लेव्हलऐवजी सोल मेमरी मोजायचं ठरलं, म्हणजे खेळाडूने आजवर मिळवलेल्या सोल्सची एकूण बेरीज. सोल्स हे या गेममधलं चलन. ते खर्च करूनच लेव्हल वाढते, हत्यारं येतात. ट्विंकला पायबंद घालायला ही युक्ती कागदावर अचूक होती: लेव्हल रोखली तरी कमाई लपत नाही. पण ही बेरीज कधीच कमी होत नसे. मेल्यावर जमिनीवर सांडलेले आणि परत न मिळालेले सोल्सही मिळवलेलेच धरले जात. म्हणजे जो जास्त मरतो, जास्त गमावतो, तो कागदावर जास्त श्रीमंत ठरून आपल्याहून तगड्यांच्या टप्प्यात ढकलला जाई. त्याहून वाईट गत मदत करणाऱ्याची. दुसऱ्याच्या बॉसला हरवण्यात हात दिला की त्याला सोल्स मिळत, बेरीज वाढे, आणि ज्या मित्रासाठी तो आला होता त्याच्यापासून तो दर विजयागणिक दूर सरके. मदत करण्यासाठी उभारलेल्या व्यवस्थेत मदत करणाऱ्यालाच दंड बसत होता. शेवटी २०१५मध्ये सोल्स शोषून घेऊन बेरीज गोठवणारी एक अंगठी गेममध्ये घातली गेली. पुढच्या गेममध्ये सोल मेमरी सोडून दिली, हे योग्यच झालं.

मग मर्यादाच काढून सगळ्यांना एका पातळीवर का आणू नये? हा दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे, कारण इतरांनी ते करून दाखवलं आहे. ‘सिटी ऑफ हिरोज’ने २००४मध्येच खालच्या लेव्हलच्या साथीदाराला गुरूच्या लेव्हलजवळ उचलून धरण्याची सोय केली होती. ‘गिल्ड वॉर्स २’ ज्या प्रदेशात जाल त्या प्रदेशाच्या लेव्हलला तुम्हाला खाली आणतो. २०२३मध्ये आलेल्या ‘डायब्लो ४’मध्ये एकाच राक्षसावर दोघं तुटून पडतात आणि प्रत्येकासाठी तो ज्याच्या त्याच्या लेव्हलचा असतो. फ्रॉमसॉफ्टवेअरनेही अर्धं पाऊल टाकलेलंच आहे. ‘डार्क सोल्स ३’पासून दोघांनी एकच पासवर्ड घातला की लेव्हलची आणि हत्याराची अट उठते, आणि वरच्या लेव्हलचा पाहुणा होस्टच्या पातळीला उतरवला जातो. तरीही अनोळखी लोकांसाठी मूळ मर्यादा राहावी असंच मला वाटतं. सगळ्यांना सगळीकडे सपाट केलं की लेव्हल वाढवण्याला अर्थ उरत नाही, आणि ज्याने पन्नास तास घालवून आपला योद्धा घडवला त्याला दुसऱ्याच्या जगात गेल्यावर तो आपला वाटत नाही. मित्रांचा एकमेकांवर विश्वास असतो, त्यांना पासवर्ड पुरतो. परक्यांमध्ये समतोल सूत्रानेच राखावा लागतो.

खरी अडचण सूत्रात नाही, ज्या गर्दीवर ते चालतं तिच्यात आहे. दहा अधिक दहा टक्के हा आकडा गेम नवा असताना, लाखो लोक सगळ्या लेव्हलवर पसरलेले असताना बसतो. पण चाळण्या एकावर एक बसतात. लेव्हल जुळली पाहिजे, हत्यार जुळलं पाहिजे, त्याच दारापाशी, त्याच वेळी कोणी असलं पाहिजे. शिवाय मशिनही जुळलं पाहिजे, कारण ‘एल्डन रिंग’मध्ये प्लेस्टेशन, एक्सबॉक्स आणि पीसी यांवरचे खेळाडू एकमेकांना भेटूच शकत नाहीत. प्रत्येक चाळणी उरलेल्यांमधून काही टक्केच पुढे सोडते. गर्दी ओसरली की आधी मधल्या लेव्हल ओस पडतात. खेळाडूंनी यावर स्वतःच तोड काढली: १२० ते १२५वर, पुढे ‘एल्डन रिंग’मध्ये १५०वर लेव्हल वाढवणं थांबवायचं, म्हणजे सगळे एका चौकात सापडतात. ही समजूतदार तोड आहे, पण तिचा फायदा जुन्या खेळाडूंना. गेम येऊन पाच वर्षांनी लेव्हल ३५वर अडकलेल्या नवख्याला मदतीची सर्वांत जास्त गरज असते आणि त्याच्याच टप्प्यात कोणी नसतं. गर्दी कमी झाली की टप्पा आपोआप रुंदावेल अशी सोय इतक्या वर्षांत का झाली नाही, हे कळत नाही. सर्व्हरला किती लोक खेळत आहेत हे ठाऊक असतंच.

त्यात सर्व्हर हा स्वतःच नाशवंत. मूळ ‘डेमन्स सोल्स’चे सर्व्हर २८ फेब्रुवारी २०१८ला बंद झाले आणि बर्फातल्या त्या चढावरून सुचलेली पहिली व्यवस्था अधिकृतपणे संपली. जानेवारी २०२२मध्ये सुरक्षेतली एक धोकादायक त्रुटी उघड झाल्यावर ‘डार्क सोल्स’ मालिकेतल्या तिन्ही गेमचे पीसी सर्व्हर उतरवावे लागले. ते परत यायला ऑगस्ट ते नोव्हेंबर उजाडला, आणि पहिल्या गेमच्या जुन्या पीसी आवृत्तीसाठी ते कधीच परत आले नाहीत. त्याच वर्षी एका हौशी प्रोग्रॅमरने ‘एल्डन रिंग’साठी सीमलेस को-ऑप हा मॉड, म्हणजे गेममध्ये बाहेरून केलेला बदल, पीसीवर आणला. त्यात खुणाही नाहीत आणि लेव्हलची चाळणीही नाही. मित्रांनी सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकत्र फिरायचं. मॉडला मिळालेला प्रतिसाद पाहता, लोकांना निमिषभराच्या मदतीबरोबर सोबतही हवी आहे हे मान्य करावं लागतं. कंपनीने मे २०२५मध्ये आणलेला ‘नाइटरेन’ याच दिशेने जातो. तिघांनी प्रत्येक फेरी लेव्हल १पासून सुरू करायची आणि १५पर्यंतच वाढायचं. सगळे रोज शून्यापासून, त्यामुळे लेव्हलची विषमता जन्मालाच येत नाही. पण तिथे दोघांनी खेळण्याची सोय सुरुवातीला नव्हती, ती जुलैमध्ये द्यावी लागली. आणि मुख्य म्हणजे स्वतःचा योद्धा महिनोन्महिने घडवत नेण्याचा आनंदही त्या रचनेत राहिला नाही.

चाळणीच नसणं आणि सगळ्यांना सपाट करणं, या दोन्ही टोकांच्या मध्ये मूळ सूत्र अजून उभं आहे आणि ते टिकावं. त्यासाठी तीन गोष्टी करण्यासारख्या आहेत, आणि तिन्हींत अवघड काही नाही: खेळाडू कमी झाले की टप्पा रुंदावणं, हत्याराची नोंद खेळाडूला पडद्यावर दिसू देणं, आणि सर्व्हर बंद करताना खेळाडूंना आपापसांत जोडून घेण्याची वाट मोकळी ठेवणं. तोवर ‘एल्डन रिंग’ मित्राबरोबर सुरू करणार असाल तर पहिल्याच दिवशी दोघांचा एक पासवर्ड ठरवून घ्या. आणि एकट्याने, अनोळखी लोकांच्या मदतीने खेळणार असाल तर लोहाराकडे जाण्याची घाई करू नका. हत्याराची पायरी आणि लेव्हल बरोबरीने वाढवत नेलीत, तर बॉसच्या दाराबाहेर खुणा दिसत राहतील.