दोन खेळांचा आल्फ्रेड

क्रिकेट आणि फुटबॉल या दोन्ही खेळांत इंग्लंडकडून खेळलेला पहिला खेळाडू कोण, या प्रश्नाचे उत्तर आहे आल्फ्रेड लिटलटन. जन्म ७ फेब्रुवारी १८५७. घराणे सरदारी, आईची बहीण पंतप्रधान ग्लॅडस्टन यांची पत्नी. आठ भावांतला हा धाकटा. शिक्षण ईटन आणि केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजात. त्याचे चरित्र वाचताना मात्र लक्ष जाते ते त्याच्या पराक्रमांपेक्षा, असे दुहेरी आयुष्य त्या काळी कोणाला परवडत होते याकडे.

तेव्हा दोन खेळांचे वैर नव्हते. उन्हाळा क्रिकेटचा, हिवाळा फुटबॉलचा. मैदानही पुष्कळदा एकच असे, दक्षिण लंडनमधले केनिंग्टन ओव्हल. चार्ल्स ऑल्कॉक हे फुटबॉल असोसिएशनचे आणि सरे कौंटी क्लबचे, अशा दोन्ही संस्थांचे सचिव. त्यामुळे चषकाचे अंतिम सामने आणि पुढे कसोटी सामने त्याच हिरवळीवर होत. १८७६ साली ओल्ड इटोनियन्स संघातर्फे आल्फ्रेड चषकाचा अंतिम सामना खेळला तो ओव्हलवर. बरोबरीनंतर पुन्हा झालेल्या लढतीत वाँडरर्सनी त्यांना ३-० असे हरवले. ३ मार्च १८७७ रोजी स्कॉटलंडविरुद्ध तो इंग्लंडकडून खेळला, तेही तिथेच. इंग्लंड १-३ असे हरले. इंग्लंडचा एकुलता एक गोल आल्फ्रेडचा होता.

त्या सामन्याची एक कथा सांगतात. स्कॉटिश खेळाडू एकमेकांना चेंडू देत पुढे सरकत, तर इंग्लंडच्या पब्लिक स्कूलमधून आलेली मुले चेंडू पायाशी ठेवून एकट्यानेच धावत सुटत. चेंडू पुढे देत नाही म्हणून शेफिल्डच्या मोसफर्थने तक्रार केली, तेव्हा आपण केवळ स्वतःच्या आनंदासाठी खेळतो असे उत्तर आल्फ्रेडने दिले म्हणे. उत्तर उद्दाम आहे, पण त्यात एका वर्गाचे सारे तत्त्वज्ञान आले. खेळ हे पोटाचे साधन नव्हे, म्हणून कोणाला जाब देणे नाही.

क्रिकेटमध्ये मात्र हाच माणूस संघासाठी वाकलेला दिसतो. तो यष्टिरक्षक होता, आणि यष्टिरक्षणात एकट्याच्या मौजेला फारसा वाव नसतो. इंग्लंडच्या भूमीवरची पहिली कसोटी सप्टेंबर १८८० मध्ये ओव्हलवर झाली, तीत तो होता. १८८२ च्या ज्या पराभवातून ‘ॲशेस’ची आख्यायिका जन्मली, त्या सामन्यातही होता. विजयाला ८५ धावा हव्या असताना स्पॉफर्थच्या माऱ्यापुढे तो आणि लुकास यांनी एकामागून एक निर्धाव षटके खेळून काढली. आल्फ्रेड १२ धावांवर त्रिफळाबाद झाला आणि इंग्लंड ७ धावांनी हरले.

त्याची खरी आठवण राहिली ती ऑगस्ट १८८४ मधल्या ओव्हलची. ऑस्ट्रेलियाने ५५१ धावा केल्या. कर्णधार मर्डॉकच्या २११ धावा हे कसोटीतले पहिले द्विशतक. इंग्लंडचे कर्णधार होते लॉर्ड हॅरिस, पुढे १८९० ते १८९५ मुंबईचे गव्हर्नर झालेले तेच. गोलंदाज थकले तेव्हा त्यांनी अकराही जणांच्या हाती चेंडू दिला. आल्फ्रेडने ग्लोव्ज काढले, पण पॅड तसेच ठेवले, आणि अंडरआर्म, म्हणजे हात खाली ठेवून, उंच-मंद चेंडू टाकले. यष्टीमागे उभे राहिले साक्षात डब्ल्यू. जी. ग्रेस. आल्फ्रेडने १९ धावांत ४ बळी घेतले. त्यांतला मिडविंटरचा झेल ग्रेसनेच टिपला. सामना अनिर्णित राहिला.

याच पिढीतला विल्यम गन शेजारी ठेवून पाहावा. नॉटिंगहॅमशायरचा हा व्यावसायिक फलंदाज १८८४ साली इंग्लंडकडून फुटबॉल खेळला, पुढे ११ कसोटी सामने खेळला. म्हणजे कर्तृत्व दुहेरीच, पण त्याला खेळातूनच घर चालवायचे होते. १८८५ मध्ये त्याने भागीदारीत बॅटी बनवण्याचा कारखाना काढला. आपल्याकडच्या दुकानांतही ‘गन अँड मूर’ ही अक्षरे पुष्कळांनी पाहिली असतील. त्याच वर्षी फुटबॉल असोसिएशनने खेळाडूंना पैसे देण्यास मान्यता दिली. मानधन आले, तसे सरावाचे तास वाढले, चषकावरची मक्तेदारी ईटनच्या माजी विद्यार्थ्यांकडून उत्तरेकडच्या गिरणीगावांकडे गेली. हौशी खेळाडूचा ‘आनंद’ मागे पडला तो असा. आणि गिरणीत राबणाऱ्या मुलाला मैदानाचे दार उघडले तेही त्यामुळेच.

आल्फ्रेड वकील झाला, १८९५ मध्ये खासदार, १९०३ ते १९०५ वसाहतमंत्री. ट्रान्सवालच्या सोन्याच्या खाणींत करारबद्ध चिनी मजूर नेण्याचे धोरण त्याच्याच कारकिर्दीत राबवले गेले. त्यांच्या हालअपेष्टांवरून इंग्लंडात गदारोळ उठला आणि १९०६ च्या निवडणुकीत त्याच्या पक्षाची धूळधाण झाली. त्याची स्वतःची जागाही गेली. मैदानावर कोणाला जाब न देणाऱ्याला इथे मतदारांनी जाब विचारला.

५ जुलै १९१३ रोजी तो गेला. त्याआधी एका क्रिकेट सामन्यात त्याला चेंडू लागला होता. वय ५६. त्या वयातही तो मैदानावर उतरत होता, स्वतःच्या आनंदासाठी. त्याच्या उत्तरातला उद्दामपणा खरा होता, तसा खेळावरचा जीवही खरा होता. त्याचे मोल करताना एकाच्या नावाने दुसरे पुसून टाकू नये.