हाक आठवते, निवाडा विसरतो

शनिवारवाड्याविषयी दुसरे काही ठाऊक नसले, तरी तेथे रात्री 'काका, मला वाचवा' अशी किंकाळी उठते, एवढे प्रत्येकाला माहीत असते. कोणी पौर्णिमा सांगतो, कोणी अमावास्या. प्रत्यक्ष ऐकणारा मात्र नेहमी दुसराच कोणीतरी असतो. १८२८ च्या आगीत वाड्याच्या इमारती भस्मसात झाल्या. ही हाक तेवढी जळाली नाही.

वास्तविक ३० ऑगस्ट १७७३ रोजी जे घडले ते कोणत्याही भुताहून भयंकर होते. थकलेल्या पगाराचे निमित्त करून गारदी वाड्यात घुसले आणि अठरा वर्षांच्या नारायणराव पेशव्यांना त्यांनी चुलत्यांदेखत कापले. त्यांच्याबरोबर वाड्यातील नोकरचाकर आणि दासीही मारल्या गेल्या. त्यांची हाक कोणत्याच अमावास्येला ऐकू येत नाही! रामशास्त्री प्रभुण्यांनी खुद्द राघोबादादांना दोषी ठरवले. पण किंकाळीपुढे तो निवाडा फिका पडतो. आनंदीबाईंनी 'धरावे'चे 'मारावे' केले ही तर आख्यायिकाच. तरीही 'ध चा मा' थेट कचेरीत येऊन बसला, आणि नक्कल करताना एखादे अक्षर चुकले की कारकुनालाही तोच ऐकावा लागतो. एका स्त्रीवरचा संशय असा भाषेत कायम झाला.

भयाची गोडी मुळात वाईट नव्हे. पुण्यात वेताळाच्या नावाची टेकडी आहे, आजची गुरुवार पेठ पूर्वी वेताळ पेठच होती. नारायण धारपांच्या भयकथा वाचून रात्री दिवा न मालवणारा वाचक सकाळी निमूटपणे कामावर जातो. कथा ही कथाच आहे, हे त्याला पक्के ठाऊक असते. ही जाणीव सुटली की भूत पुस्तकातून उठते आणि एखाद्या आजारी मुलीच्या अंगात असल्याचे सांगितले जाते. भूत उतरवण्याच्या बहाण्याने साखळीने बांधणे, मारहाण करणे, मिरचीची धुरी देणे हे प्रकार महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात गुन्हा म्हणून नोंदवावे लागले, ते उगाच नव्हे.

त्या कायद्यासाठी वर्षानुवर्षे झगडलेल्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांची हत्या, तो होण्यापूर्वीच, २० ऑगस्ट २०१३ रोजी सकाळी ओंकारेश्वराजवळच्या पुलावर झाली. शनिवारवाडा तेथून हाकेच्या अंतरावर. या पुलावर रात्री कोणाची किंकाळी ऐकू येते, असे मात्र कोणी सांगत नाही. मे २०२४ मध्ये पुण्याच्या विशेष न्यायालयाने गोळ्या झाडणाऱ्या दोघांना जन्मठेप दिली, इतर तिघांना निर्दोष सोडले. आणि मुख्य सूत्रधारापर्यंत तपास पोचू शकला नाही, असे निकालपत्रातच नमूद केले.